रजेचा अर्ज

पिंगळीकर सरांचा त्या वर्षातला सतरावा अर्ज टेबलावर आला
तेव्हा कारण वाचून मी पेन खाली ठेवला.
ताप नव्हता. जुलाब नव्हते. नात्यातलं कुणी गेलंही नव्हतं.
कागदाच्या समासापासून टाचणीपर्यंत
एकच शब्द आडवा पसरलेला:
व्हॅलिट्यूडिनेरियन.

रजा नोंदवहीत कारणाचा रकाना बोटभर.
मी शब्द तीनदा तोडला, तरी शेपूट बाहेरच.

हेडमास्तर काझी सरांनी चष्मा कपाळावर चढवला.
"तबियत नासाज दिसते," म्हणाले.
"साज म्हणजे वाद्य. उतरलं असंल. लावू द्या."
आणि हिरव्या शाईत सही.

सेलूच्या आमच्या शाळेत कपाटातली डिक्शनरी
वाळवीनं क्यूपर्यंत खाल्लेली,
व्ही मात्र शाबूत होता.
अर्थ एक: कायमचा दुखणेकरी.
अर्थ दोन: नसून स्वतःला तसा समजणारा.
एकाच शब्दाच्या घरात दोन भाडेकरू,
आणि बाहेर पाटी एकच.
स्टाफरूमनं दुसरा अर्थ निवडला, एकमतानं.
मीही हात वर केला होता.

सरांना विचारलं, "सर, 'मला झालंय' असं का नाही लिहीत?"
"हा होणारा शब्द नाही, देशमाने. असणारा आहे.
आपल्यात ताप येतो,
चहा न घेता का होईना, जातो.
हा येत नाही, जात नाही.
हा मीच."
मग खोकले. तो खोकला खरा होता की अर्थ दोन मधला
हे मला अजून ठरवता आलं नाही.

आषाढ कोरडा चालला होता.
खिचडीच्या शेडमध्ये कौसाबाई
पातेल्यावर वाकून उलथनं फिरवत म्हणाली,
"कसंतरी व्हायलंय."
"म्हणजे कसं?"
"कसंतरीच."
डोकं दुखतंय का? नाही.
पोट? नाही.
गरगरतंय? "तसं म्हणलं तर म्हणा,
पण तसं नाही."
उलथनं थांबलं नाही. एकशे चाळीस ताटल्या वाट बघत होत्या.
तिला मानधन. मानधनाला रजा नसते, खाडा असतो,
आणि खाड्याला कारणाचा रकानाच नाही.

सर तिथं कधी आले कळलं नाही.
पोत्यावर बसून त्यांनी खिशातला कागद काढला
आणि कौसाबाईला अर्धा तास विचारत राहिले:
कधीपासून, कुठून कुठं, झोपताना कसं, उठताना कसं.
आमच्यापैकी कुणी त्यांना
इतकं कधी विचारलं नव्हतं.
दुपारी माझ्या टेबलावर इंग्रजी अर्ज.
रेस्पेक्टेड सर, सगळं रीतसर.
कारणापुढं मात्र रोमन अक्षरांत, खाली रेघ ओढून:
कसंतरी.

"मोठा शब्द का नाही वापरला?"
"तो माझ्या मापाचा आहे. तिला सैल होईल."

काझी सरांनी चष्मा पुन्हा वर चढवला.
"ये लफ्ज?"
मी म्हणालो, "दुर्मिळ आहे, सर."
हिरवी शाई.

सर नंतर म्हणाले, त्या लांब शब्दाचं मूळ शोधत गेलं
तर आजार सापडतच नाही. बळ सापडतं, धडधाकट असणं.
त्या जुन्या भाषेत निरोप घेतानाही माणसं तेच म्हणायची:
बरा राहा.
मी विचार करत होतो रकान्याचा.
तेवढ्यात कौसाबाई पिशवी घेऊन दारात आली,
चौकटीला धरून जरा उभी राहिली
आणि म्हणाली,
"बरं, येते."

सर माझ्याकडं बघायले. मी नोंदवहीकडं.

दुसऱ्या दिवशी खिचडी आम्ही दोघांनी केली.
बुडाला लागली.
पोरांनी खाल्ली, नावं ठेवत.
सरांनी त्या दिवशी रजा मागितली नाही,
फक्त फोडणीच्या धुरात डोळे पुसत म्हणाले,
"देशमाने, मला पण जरा
कसंतरी व्हायलंय."